५९७ सामने, ४३ गोल : लुका मॉड्रिचविषयी आमच्या कुटुंबाच्या ग्रुपवर झालेली चर्चा

मी : मामा, काल तुम्ही लिहिलेत की गेल्या वीस वर्षांत क्रोएशियाचा फुटबॉलपटू लुका मॉड्रिच याच्या तोडीचा मिडफिल्डर, म्हणजे मधल्या फळीतला खेळाडू, तुम्ही पाहिला नाही. त्यावर मी आकडे शोधले. स्पेनच्या रिआल माद्रिद क्लबकडून तो ५९७ सामने खेळला आणि त्याने ४३ गोल केले, म्हणजे साधारण चौदा सामन्यांमागे एक. २००८ ते २०१७ या दहा वर्षांत बॅलन डी'ऑर, म्हणजे वर्षातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूचा पुरस्कार, मेस्सी आणि रोनाल्डो यांनाच मिळाला, प्रत्येकी पाच वेळा, आणि त्यांचे गोल पाहिले की कारण वेगळे विचारावे लागत नाही. २०१८ मध्ये तो मॉड्रिचला का मिळाला, हे मला खरोखर समजून घ्यायचे आहे.

मामा : प्रश्न अगदी रास्त आहे आणि त्याचे उत्तर गोलांच्या तक्त्यात सापडणार नाही. त्यासाठी चेंडू त्याच्याकडे येण्याआधीचे दोन-तीन सेकंद पाहावे लागतात. त्या वेळात तो डाव्या आणि उजव्या खांद्यावरून मागे नजर टाकून घेतो, त्यामुळे कोणता प्रतिस्पर्धी किती अंतरावर आहे आणि आपला कोणता सहकारी मोकळा आहे, हे त्याला आधीच ठाऊक असते. चेंडू घेताना तो शरीर तिरके ठेवतो, म्हणजे पहिल्या स्पर्शातच चेंडू दबाव टाकायला धावून आलेल्या खेळाडूच्या विरुद्ध बाजूला निघतो आणि तो खेळाडू त्या हल्ल्यापुरता बाद होतो. पाच फूट आठ इंच उंचीच्या या सडपातळ माणसाला धक्काबुक्कीत जिंकणे अवघड होते, म्हणून धक्का पोहोचण्याआधीच जागा सोडण्याची कला त्याने पराकोटीला नेली.

माद्रिदमध्ये कासेमिरो मागे राहून प्रतिस्पर्ध्याचे हल्ले मोडत असे, टोनी क्रूस डावीकडून लांबचे अचूक पास देत असे आणि मॉड्रिच उजव्या बाजूने सतत फिरत राहून या दोघांमधला दुवा सांभाळत असे. या तिघांना एकत्र पाहणे हा माझ्या आयुष्यातला मोठा आनंद आहे, असे मी अतिशयोक्ती न करता सांगतो. २०१६, २०१७ आणि २०१८ अशी सलग तीन वर्षे रिआलने चॅम्पियन्स लीग, म्हणजे युरोपातील क्लबांची सर्वांत मोठी स्पर्धा, जिंकली, त्यामागे ही मधली फळी होती. २०१४ च्या लिस्बनमधील अंतिम सामन्यात संघ ॲटलेटिकोविरुद्ध एका गोलने मागे होता. भरपाईच्या वेळेत सर्जिओ रामोसने हेडर मारून बरोबरी साधली तो कॉर्नर मॉड्रिचनेच घेतला होता.

एक पास मात्र तू आवर्जून पाहा. १२ एप्रिल २०२२ रोजी चॅम्पियन्स लीगमध्ये इंग्लंडच्या चेल्सीने रिआलच्याच मैदानावर तीन गोल करून दोन्ही लढतींच्या बेरजेत ४-३ अशी आघाडी घेतली होती आणि जेमतेम दहा मिनिटे उरली होती. मॉड्रिचने डावीकडून उजव्या पायाच्या बाहेरच्या कडेने चेंडू असा वळवून दिला की तो सगळ्या बचावफळीवरून जाऊन धावत आलेल्या रॉड्रिगोच्या पायाशी उतरला. पायाच्या बाहेरच्या कडेने मारताना शरीर वळवावे लागत नाही, त्यामुळे बचावपटूंना पासची चाहूल लागत नाही. जादा वेळेत बेन्झेमाने गोल केला, रिआल पुढच्या फेरीत गेला आणि त्या वर्षीचा चषकही त्यांनीच जिंकला. आकड्यांच्या तक्त्यात त्या पासची नोंद केवळ एक असिस्ट (गोलासाठी दिलेला पास) एवढीच आहे.

मावशी : त्याच्या खेळाइतकेच त्याचे बालपण माझ्या मनात राहिले आहे. क्रोएशियातील वेलेबिट पर्वताच्या पायथ्याशी मॉड्रिची नावाची छोटी वस्ती आहे. तिथे पाच वर्षांचा लुका शेळ्या हाकतानाचे चित्रीकरण आजही उपलब्ध आहे. डिसेंबर १९९१ मध्ये, क्रोएशियाच्या स्वातंत्र्ययुद्धाच्या काळात, त्याच्या आजोबांची सर्ब बंडखोरांनी हत्या केली. आजोबांचे नावही लुकाच होते आणि नातू तेव्हा सहा वर्षांचा होता. नंतर घर जाळले गेले, कुटुंब निर्वासित होऊन झादार शहरातील हॉटेलांमध्ये राहू लागले, वडील सैन्यात दाखल झाले आणि हा मुलगा तोफगोळे पडत असलेल्या शहरात हॉटेलच्या वाहनतळावर चेंडू खेळत राहिला. इतक्या लहान वयात एवढे सोसलेल्या मुलाच्या खेळात पुढे कुठेही कटुता दिसू नये, याचे मला फार अप्रूप वाटते.

दादा : मावशी सांगते आहे त्याच्या पुढची हकिकतही सोपी नाही. हायडुक स्प्लिट या मोठ्या क्लबने त्याला अंगाने लहान म्हणून घेतले नाही. पुढे डिनामो झाग्रेबने घेतले, पण २००३ मध्ये त्याला उसन्या तत्त्वावर शेजारच्या बोस्नियातील झ्रिन्स्की मोस्तार या संघाकडे पाठवले. तिथल्या लीगमधला खेळ अतिशय दांडगाईचा होता आणि त्याच लीगमध्ये अठरा वर्षांचा मॉड्रिच वर्षातला सर्वोत्तम खेळाडू ठरला. २००८ मध्ये तो इंग्लंडच्या टॉटेनहॅमला आणि २०१२ मध्ये रिआलला गेला. त्या वर्षाच्या शेवटी माद्रिदच्या मार्का या क्रीडा दैनिकाच्या वाचकांनी त्याला हंगामातील सर्वांत वाईट खरेदी ठरवले होते. त्याच क्लबच्या इतिहासात सर्वाधिक, म्हणजे २८ चषक जिंकलेला खेळाडू म्हणून तो २०२५ मध्ये बाहेर पडला.

पण मामा, चर्चा प्रामाणिक ठेवायची असेल तर न्यायालयाचे प्रकरणही इथे यायला हवे. डिनामोचे माजी सर्वेसर्वा झ्द्राव्को मामिच यांच्यावर खेळाडूंच्या हस्तांतरणातील पैसे लाटल्याचा खटला चालला. त्यात २०१७ मध्ये मॉड्रिचची साक्ष झाली, तेव्हा महत्त्वाच्या प्रश्नांवर आपल्याला आठवत नाही असे तो सांगत राहिला. मायदेशातले चाहते त्यामुळे संतापले आणि तो लहानपणी जिथे निर्वासित म्हणून राहिला होता त्या हॉटेलच्या भिंतीवर त्याच्याविरुद्ध मजकूर रंगवला गेला.

मामा : हे तू लिहिलेस ते बरे झाले, मी ते टाळणार नव्हतो. मार्च २०१८ मध्ये त्याच्यावर खोटी साक्ष दिल्याचा आरोप ठेवण्यात आला, जूनमध्ये मामिचला शिक्षा झाली आणि मॉड्रिचवरचे आरोपपत्र ते वर्ष संपण्यापूर्वी न्यायालयाने फेटाळले. कायद्याच्या दृष्टीने विषय तिथे संपला. तरीही ज्या लोकांनी त्याला आपले मानले होते त्यांना त्या साक्षीने दुखावले, हे मला मान्य आहे, आणि त्याच्या खेळावरच्या प्रेमापोटी मी त्या गोष्टीवर पांघरूण घालणार नाही. लक्षात घ्या की डोक्यावर हा आरोप असतानाच तो विश्वचषकाला कर्णधार म्हणून गेला होता.

आजोबा : विश्वचषकाचा विषय निघालाच आहे, तर मीही लिहितो. मला या खेळाडूची खरी ओळख त्याच्या हुकलेल्या पेनल्टींमधून झाली. २००८ च्या युरो स्पर्धेत तुर्कस्तानविरुद्ध ११९ व्या मिनिटाला त्याच्याच पासवर क्लास्निचने गोल केला, तरी तुर्कांनी अखेरच्या क्षणी बरोबरी साधली. शूटआऊटमध्ये, म्हणजे निकालासाठीच्या पेनल्टींच्या फेरीत, मॉड्रिचने मारलेला चेंडू गोलखांबाबाहेर गेला आणि क्रोएशिया हरला. दहा वर्षांनी रशियातील विश्वचषकात डेन्मार्कविरुद्ध ११६ व्या मिनिटाला पुन्हा पेनल्टी मिळाली आणि कास्पर श्मायकेलने ती अडवली. सामना शूटआऊटमध्ये गेला. त्या वेळी, काही मिनिटांपूर्वी ज्याच्या हातून विजय निसटला होता तोच माणूस, समोर तोच गोलरक्षक असताना, पुन्हा चेंडू हातात घेऊन ठिपक्याकडे चालत आला. माझा श्वास अडकला होता. या वेळी गोल झाला आणि क्रोएशिया पुढे गेला.

त्यानंतर रशियाविरुद्ध आणि इंग्लंडविरुद्धही जादा वेळ खेळावी लागली, म्हणजे सलग तीन सामने प्रत्येकी १२० मिनिटांचे झाले. इंग्लंडच्या सामन्यापूर्वी क्रोएशियाचे पाय थकलेले असतील असे इंग्रज समीक्षक सांगत होते. पाचव्या मिनिटाला पिछाडीवर पडूनही क्रोएशियाने २-१ असा विजय मिळवला आणि बत्तीस वर्षांचा कर्णधार उत्तरार्धातही मैदानभर धावत होता. अंतिम सामन्यात फ्रान्सने ४-२ असे हरवले, तरी स्पर्धेतील सर्वोत्तम खेळाडूचा सुवर्णचेंडू त्यालाच मिळाला. सुमारे चाळीस लाख वस्तीचा देश तिथवर पोहोचला होता. नात विचारते आहे की २०१८ चा पुरस्कार कशासाठी. माझ्या मते तो त्या उन्हाळ्यासाठी होता.

मामा : बाबा, यात लाइपझिगची भर घालतो. २४ जून २०२४ रोजी युरो स्पर्धेत इटलीच्या डोनारुम्माने त्याची पेनल्टी अडवली. पुढच्या मिनिटभरातच मॉड्रिच गोलसमोर होता आणि परत आलेला चेंडू त्याने जाळ्यात मारला. त्या गोलने, अडतीस वर्षांचा असताना, तो युरोच्या इतिहासातला सर्वांत वयस्क गोल करणारा खेळाडू ठरला. इटलीने ९८ व्या मिनिटाला बरोबरी साधली, म्हणून त्या संध्याकाळी त्याच्या वाट्याला आनंद आला नाही.

मी : आता मला थोडे समजू लागले आहे. पण मामा, बाकीचे खेळाडू तिशीनंतर मंदावतात, मग हा इटलीच्या मिलानसारख्या क्लबला चाळिशीच्या उंबरठ्यावर का हवासा वाटला?

मामा : कारण त्याचा खेळ वेगावर उभारलेला नव्हता. पायांची गती वयाबरोबर जाते, पण मैदान वाचण्याची नजर अनुभवाने तीक्ष्णच होते. धावणे कमी झाले तरी योग्य जागी आधी पोहोचणारा माणूस उशिरा पोहोचत नाही. अर्थात शरीराची कठोर निगाही त्याने राखली. २०२२ च्या विश्वचषकात सदतिसाव्या वर्षी त्याने क्रोएशियाला तिसरे स्थान मिळवून दिले आणि २०२५ मध्ये मिलानमध्ये १४ क्रमांकाची जर्सी घातली.

मावशी : रिआलच्या घरच्या मैदानावरचा त्याचा शेवटचा लीग सामना मी पाहिला होता. तो बाहेर येताना निवृत्त झालेला क्रूस त्याला भेटायला मैदानाच्या कडेला उभा होता आणि दोघांनी मिठी मारली, तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी आले.

मी : चेल्सीचा सामना मला पूर्ण मिळाला आहे. आज रात्री तो पाहताना मी चेंडूकडे न पाहता पहिली वीस मिनिटे फक्त त्याच्या मानेकडे पाहणार आहे आणि तो किती वेळा मागे वळून पाहतो ते मोजून उद्या इथे लिहीन.

आजोबा : मोज, आणि मलाही बोलाव.