तीस लाखांचे गृहकर्ज वीस वर्षांत नेमके कितीला पडते?

वडगावकर

नमस्कार. मी बेळगावच्या उद्यमबागेतील एका कारखान्यात मशीनशॉपमध्ये नोकरी करतो आणि पत्नी एका खासगी मराठी शाळेत शिक्षिका आहे. वडगावात एक जुने कौलारू बैठे घर ४० लाखांना ठरत आले आहे. आमच्याकडे साठवलेले १० लाख आहेत आणि उरलेल्या ३० लाखांसाठी एका बँकेने ८.५ टक्के बदलत्या व्याजदराने २० वर्षांचे कर्ज देऊ केले आहे. हप्ता २६,०३५ रुपये बसतो. दोघांच्या पगारातून तो ओढूनताणून का होईना, भरता येईल.

सध्या अनगोळात ९,००० रुपये भाड्याने राहतो आणि भाड्याचा पैसा पाण्यात जातो असे घरातील सर्वांचे म्हणणे आहे. परवा रात्री मी सहज हप्त्याला २४० ने गुणले, तर ६२ लाख ४८ हजार आले. तेव्हापासून मन थाऱ्यावर नाही. सासरे म्हणतात, हप्ता परवडतो ना, मग गुणाकार कशाला करायचा. मेहुण्याचा सल्ला असा की मुदत ३० वर्षांची घ्यावी, म्हणजे हप्ता २३,०६७ वर येईल. एका ओळखीच्यांनी तर त्यांच्या पतसंस्थेतून दहा लाख ८ टक्क्यांनीच मिळतील, म्हणजे तेवढा भाग बँकेपेक्षा स्वस्त पडेल, असे सांगितले आहे.

मला एवढेच समजून घ्यायचे आहे की हे घर मला खरोखर कितीला पडणार आहे, आणि तो आकडा कोणत्या पद्धतीने काढायचा.

टिळकवाडीचे काका

वडगावकर, मी बँकेच्या कर्जविभागातून निवृत्त झालो आहे. तुम्ही गुणाकार केलात हे उत्तम केलेत, पण तो अर्धाच हिशेब आहे. बँकेकडून २४० ओळींचा परतफेडीचा तक्ता मागून घ्या आणि त्यातील पहिली ओळ नीट वाचा. ३० लाखांवर ८.५ टक्क्यांनी एका महिन्याचे व्याज २१,२५० रुपये होते. म्हणजे तुमच्या पहिल्या २६,०३५ रुपयांपैकी मुद्दलात फक्त ४,७८५ रुपये जमा होतील. पुढच्या महिन्यात व्याज तीस-चौतीस रुपयांनी कमी होईल आणि तेवढीच रक्कम मुद्दलाकडे वळेल. हे वळण इतके संथ असते की हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला तुम्हाला जवळजवळ बारा वर्षे लागतील.

पाच वर्षांनी काय चित्र असेल तेही पाहून ठेवा. तोपर्यंत तुम्ही १५ लाख ६२ हजार रुपये भरलेले असाल आणि तरीही २६ लाख ४४ हजारांच्या आसपास देणे शिल्लक असेल. बदली झाली किंवा अडचण आली म्हणून पाच-सहा वर्षांत घर विकणारे लोक बँकेत येऊन शिल्लक रक्कम ऐकत, तेव्हा त्यांचा आमच्यावर विश्वास बसत नसे. काही जणांनी तर पासबुक घरून आणून माझ्यासमोर बेरजा केल्या होत्या.

भाड्याचे ९,००० पाण्यात जातात हे खरे मानले, तर पहिल्या महिन्यातील २१,२५० रुपयेही त्याच पाण्यात जातात. ते बँकेला दिलेले पैशांचे भाडेच असते. याचा अर्थ घर घेऊ नये असा मुळीच नाही. पण तुलना २६,०३५ ची ९,००० शी न करता २१,२५० ची ९,००० शी करा, आणि वरचा फरक स्वतःच्या भिंतींसाठी मोजायची तयारी आहे का ते दोघांनी मिळून ठरवा.

मेहुण्याच्या सल्ल्याबद्दल. ३० वर्षांच्या मुदतीने दरमहा २,९६८ रुपये हलके होतात, पण एकूण व्याज साडेबत्तीस लाखांवरून ५३ लाखांवर जाते. उलट हप्ता साडेतीन हजारांनी वाढवून २९,५४२ केलात, तर कर्ज १५ वर्षांत फिटते आणि व्याज २३ लाख १८ हजार पडते. तेही झेपत नसेल तर २० वर्षांचीच मुदत ठेवा आणि बोनसच्या वेळी दरवर्षी एक जादा हप्ता मुद्दलात भरा. कर्ज साधारण साडेसोळा वर्षांत संपेल आणि व्याजाचे सहा लाखांहून अधिक रुपये वाचतील. वैयक्तिक गृहकर्ज बदलत्या दराचे असेल तर मुदतपूर्व परतफेडीवर बँकेला दंड आकारता येत नाही. जादा रक्कम भरताना मात्र ‘मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा’ असे लेखी द्या.

निपाणीकर

काकांचा तक्ता व्याजदर वीस वर्षे ८.५ वर स्थिर राहील असे धरून चालतो. तो स्थिर राहत नाही, आणि माझ्या मते खरी मेख तिथेच आहे. माझाच अनुभव सांगतो.

मी जुलै २०२१ मध्ये २५ लाखांचे कर्ज ६.९ टक्क्यांनी घेतले. मुदत २० वर्षे होती आणि हप्ता १९,२३३ रुपये. त्या वेळी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना ज्या दराने अल्पमुदतीचे कर्ज देते तो दर, ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो वाढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये ६.५ टक्क्यांवर गेला. माझा दर रेपोला जोडलेला असल्याने तोही ९.४ झाला. या सगळ्या काळात हप्ता मात्र एका रुपयानेही वाढला नाही, त्यामुळे मी निश्चिंत होतो. मोबाईलवर बँकेचे संदेश येत होते, पण खरे सांगायचे तर ते मी उघडूनसुद्धा पाहिले नाहीत.

त्याच वर्षी एप्रिलमध्ये दुसऱ्याच कामासाठी शाखेत गेलो असताना खातेउतारा घेतला. १९,२३३ रुपयांच्या हप्त्यातील जवळजवळ १९ हजार व्याजातच जात होते आणि मुद्दलातून महिन्याला जेमतेम अडीचशे रुपये कमी होत होते. त्या गतीने उरलेली मुदत काढली तर ती चाळीस वर्षांच्याही पुढे जात होती. माझे वय तेव्हा ४१ होते. काउंटरवरच्या मुलीने स्क्रीन माझ्याकडे वळवून दाखवली, तेव्हा मला आधी वाटले की तिने दुसऱ्याच कोणाचे खाते उघडले आहे.

मूळ मुदतीत कर्ज फेडायचे तर हप्ता २३,२०० च्या आसपास न्यावा लागत होता. घरखर्चात काटछाट करून मी तो नेला. फेब्रुवारी २०२५ पासून रेपो उतरू लागला आणि डिसेंबर २०२५ मध्ये ५.२५ वर आला, पण मी हप्ता कमी करून घेतला नाही.

दर वाढला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याची संधी बँकेने कर्जदाराला द्यावी, असा आदेश रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये काढला आहे. त्यामुळे आता निदान विचारतात. पण तुम्ही काही कळवले नाही तर काय गृहीत धरले जाईल, हे करारात आधीच पाहून ठेवा.

आणखी एक. रेपो ५.२५ असताना तुम्हाला ८.५ चा दर सांगितला असेल, तर बँक रेपोवर ३.२५ टक्के घेत आहे. रेपो तुमच्या हातात नाही, पण हा वरचा फरक सही करण्यापूर्वी घासाघीस करून कमी होऊ शकतो. विशेषतः दोघांचेही पगार खात्यात जमा होत असतील आणि सिबिल, म्हणजे कर्जफेडीच्या इतिहासावरून मिळणारा गुणांक, चांगला असेल तर. अर्ध्या टक्क्याने हप्ता २५,०९३ होतो आणि वीस वर्षांत सव्वादोन लाख वाचतात. बाजारात खरेदीला गेलो की आपण भाजीवालीशी दोन रुपयांसाठी वाद घालतो, आणि इथे मात्र छापील कागदावर निमूटपणे सही करतो.

खानापूरकर

पतसंस्थेच्या ८ टक्क्यांबद्दल एवढेच विचारा की तो दर ‘फ्लॅट’ आहे का. दहा लाख, दहा वर्षे, ८ टक्के फ्लॅट म्हणजे व्याज आठ लाख आणि हप्ता १५,००० रुपये. तुम्ही दरमहा मुद्दल फेडत असलात तरी व्याज शेवटपर्यंत पूर्ण दहा लाखांवरच मोजले जाते. घटत्या शिलकीच्या पद्धतीत मांडले तर हाच दर १३ टक्क्यांच्या थोडा वर जातो. आमच्याकडे अनेकांना हे कर्ज निम्मे फिटल्यावर कळले.

हिंडलग्याची लेक

मी एका करसल्लागारांच्या कार्यालयात काम करते. वरील सर्वांनी कर्जाचा हिशेब उत्तम मांडला आहे, पण घर घेण्याचा खर्च कर्जाच्या आधीच सुरू होतो, त्याविषयी थोडे लिहिते. पुढे काकांशी एका मुद्द्यावर माझा मतभेदही आहे.

दादा, तुमच्याकडे १० लाख आहेत आणि घर ४० लाखांचे आहे, म्हणून ३० लाखांत भागेल असे तुम्ही धरले आहे. कर्नाटकात खरेदीखतावर ५ टक्के मुद्रांक शुल्क लागते, त्या शुल्कावर सेस आणि अधिभार लागतो, आणि नोंदणी फी ३१ ऑगस्ट २०२५ पासून १ टक्क्यावरून २ टक्के झाली आहे. शहरी हद्दीत हे सारे मिळून ७.६ टक्के होतात. ४० लाखांवर ३ लाख ४ हजार. सरकारी मार्गदर्शक दराने घराची किंमत जास्त येत असेल तर शुल्क त्या किमतीवर बसेल. ही रक्कम बँक साधारणपणे घराच्या किमतीत धरत नाही, ती स्वतःच्या खिशातून भरावी लागते. याशिवाय बँकेची प्रक्रिया फी, वकिलांचा शोध अहवाल आणि गहाणाच्या कागदावरचे शुल्क वेगळे. जुने घर असल्याने दुरुस्तीही आलीच. बेळगावचा पाऊस पाहता कौले आणि पन्हळी आधी तपासून घ्या.

आता विम्याविषयी. मंजुरीपत्रात अनेकदा कर्जसुरक्षा विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवलेला असतो, तो शोधा. समजा तो ६०,००० रुपये आहे. तो कर्जात गेला की दरमहा सुमारे ५२१ रुपयांनी हप्ता वाढतो आणि वीस वर्षांत ६०,००० चे सव्वा लाख होतात. विमा असावाच, पण साधा मुदत विमा स्वतंत्रपणे घेता येतो आणि तो कर्ज दुसऱ्या बँकेत हलवले तरी तुमच्याजवळ राहतो. फी आणि अशा विम्याचा आकार धरून वार्षिक दर किती पडतो, हे बँकेने ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ या कागदावर देणे १ ऑक्टोबर २०२४ पासून बंधनकारक आहे. दोन बँकांची तुलना करायची तर त्या आकड्याची करा.

करसवलतीची भुरळ तुम्हाला कोणीतरी घालेलच. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या कर्जावरील दोन लाखांपर्यंतच्या व्याजाची वजावट मिळते. नव्या प्रणालीत ती मिळत नाही. पण २०२५-२६ पासून नव्या प्रणालीत १२ लाखांपर्यंतच्या करपात्र उत्पन्नावर करच लागत नाही. तुम्हा दोघांचे उत्पन्न स्वतंत्रपणे त्या मर्यादेच्या आत असेल, तर वाचवायला करच नाही, मग सवलत कसली धरायची?

मतभेदाचा मुद्दा असा की ६२ लाख ४८ हजार हा आकडा पाहून घाबरण्याचेही कारण नाही. वीस वर्षांनंतरचा रुपया आजचा रुपया नसतो. महागाई सरासरी ५ टक्के धरली, तर शेवटच्या वर्षातील २६,०३५ रुपयांचा हप्ता आजच्या सुमारे ९,८०० रुपयांइतकाच जड असेल. सर्व २४० हप्ते आजच्या किमतीत आणले तर बेरीज साडेएकोणचाळीस लाखांच्या आसपास येते. म्हणजे आजच्या पैशांत तुम्ही तीस लाखांसाठी साडेनऊ लाख जादा मोजत आहात.

टिळकवाडीचे काका

ताईंचा हिशेब बरोबर आहे, पण त्याला एक अट आहे. महागाईबरोबर पगारही वाढला पाहिजे. सरकारी नोकराला महागाई भत्ता मिळतो. उद्यमबागेत ऑर्डरी घटल्या की ओव्हरटाइम बंद होतो आणि खासगी शाळेतील पगारवाढ तर व्यवस्थापनाच्या मर्जीवर असते. पहिली पाच-सात वर्षे हप्ता पूर्ण वजनाने अंगावर असतो. म्हणून निदान सहा हप्त्यांची रक्कम, म्हणजे दीड लाखाच्या वर, बाजूला ठेवून मगच व्यवहार करा.

वडगावकर

सर्वांचे मनापासून आभार. आज दुपारची सुट्टी टाकून बँकेत जाऊन आलो. विम्याचा हप्ता खरोखरच कर्जात धरलेला होता, रक्कम ७२,००० रुपये. तो काढून टाकण्याचा अर्ज दिला आहे. दराबाबत साहेबांनी दुसऱ्या बँकेचे लेखी पत्र आणा, मग बघू, असे सांगितले. पतसंस्थेत फोन केला, तर दर फ्लॅटच निघाला.

मुख्य अडचण वेगळीच आहे. नोंदणीचे तीन लाख, हाताशी ठेवायचे दीड लाख आणि दुरुस्ती धरली, तर दहा लाखांतून घरासाठी जेमतेम पाच लाख उरतात. तीसच्या वर कर्ज घ्यायचे नाही असे आम्ही दोघांनी काल रात्री तक्ता समोर ठेवून ठरवले. तेव्हा हे घर पस्तीसच्या आसपास आले तरच आमचे. रविवारी मालकांशी बोलणी आहेत, आणि त्याआधी कौले व वासे बदलायला किती लागतील याचा अंदाज गवंड्याकडून लिहून घेणार आहे, म्हणजे त्यांच्यासमोर ठेवायला हातात काहीतरी असेल.