तपकिरी अँकल बूट कशाकशावर घालता येतील?

इंदूरच्या थंडीसाठी घेतलेत. जीन्सवर पाय आखूड दिसतात. कुर्ता, साडीवर चालतील का?

▸ जीन्सची मोहरी बुटावर चुरगळत असणार. २-२ सेंमीच्या दोन घड्या घाला, घोटा थोडा दिसू द्या.

▸ कुर्ता सरळ कटचा, खाली सिगारेट पँट (घोट्यापर्यंतची सरळ, अरुंद पँट). चुडीदार नकोच! चुण्या बुटात कोंबल्या की फुगवटा येतो.

▸ महेश्वरी साडीवर छान दिसतात, विशेषतः मोहरीसारख्या पिवळ्या किंवा गर्द निळ्या. मात्र बूट घालूनच निऱ्या खोचा, जमिनीपासून ३-४ सेंमी वर. नाहीतर टाच काठात अडकते.

▸ स्वेडचे (मखमली पोताच्या चामड्याचे) असतील तर सराफ्यात, म्हणजे इंदूरच्या रात्रीच्या खाऊबाजारात, खायला जाताना घालू नका. तेल सांडलंच तर पाणी न लावता टाल्कम पावडर टाका, रात्रभर ठेवून कोरड्या ब्रशने झाडा.