शब्दचर्चा : बेचिराख म्हणजे जळालेले का?

ठाण्याहून प्रश्न

परवा एका लेखात वाक्य वाचलं : 'नालासोपाऱ्याच्या पोटात एक बेचिराख बंदर दडलं आहे.' वडिलांना वाचून दाखवलं, तर ते म्हणाले, "बेचिराख म्हणजे जाळून राख केलेलं. सोपारा कुणी जाळलं?" मला उत्तर देता आलं नाही. हा शब्द इथे बरोबर आहे का? नसेल तर अशा नाहीशा झालेल्या गावाला मराठीत काय म्हणायचं?

पुण्याहून

तुमच्या वडिलांना ऐकू आलेली 'राख' या शब्दात मुळात नाहीच. फारसी 'बे' म्हणजे विना, 'चिराग' म्हणजे दिवा. बेचिराग म्हणजे जिथे दिवा लागत नाही ते गाव. जुन्या महसुली कागदांत वस्ती उठून गेलेल्या गावापुढे 'बेचिराग' असा शेरा असे. गावाची हद्द आहे, जमीन आहे, कधी शेतसाराही येतो, पण संध्याकाळी तिथे कुणी वात लावत नाही. किती नेमका शब्द! मोठ्या गावाला आपण 'दोनशे उंबऱ्यांचं' म्हणतो आणि संपलेल्या गावाला 'बिनदिव्याचं', ही मोजण्याची रीतच घराच्या आतून आलेली आहे.

पुढे 'ग'चा 'ख' झाला आणि कानाला राख सापडली. मग लढाईत, बाँबफेकीत शहरं बेचिराख होऊ लागली. हा अर्थ आता इतका रुळला आहे की त्याला चूक म्हणता येणार नाही. पण उत्खननाबद्दल लिहिताना मी तो कटाक्षाने टाळतो, कारण तिथे राख हा पुरावा असतो. खड्ड्याच्या भिंतीत जळिताचा थर दिसला तर त्याचा वेगळा अर्थ लावावा लागतो. न दिसलेला थर शब्दातून वाचकाच्या डोक्यात शिरू नये.

वसईहून

सोपारा जळालं नाही आणि बुडालंही नाही. 'समुद्राने गिळलेलं शहर' असंही बरेच जण लिहितात, त्याचा मला जास्त त्रास होतो. आमच्याकडची जुनी माणसं साधं सांगतात, 'खाडी भरली.' गाळ येत गेला, गलबतांना पाणी पुरेना, व्यापार दुसऱ्या बंदरांकडे वळला. समुद्र आत आला नाही, तो लांब गेला. गंमत म्हणजे महाभारतात शूर्पारक, म्हणजे हेच सोपारा, ही परशुरामासाठी सागराने करून दिलेली भूमी आहे. तिथेही पाणी मागेच हटलं आहे.

माणसांची वस्ती तर कधीच तुटली नाही. १८८२ मध्ये भातेला तळ्याजवळ अशोकाच्या आठव्या शिलालेखाचा तुकडा मिळाला, १९५६ मध्ये भुईगावला नवव्याचा. शिलालेख फुटले, शहर विसरलं गेलं, पण दिवा लागतच राहिला. म्हणून मूळ अर्थानेही सोपारा बेचिराग नाही.

नेवाशाहून

आमच्या देशावर अशा जागेला 'पांढर' म्हणतात. शेताची ती काळी, वस्तीची ती पांढरी. मातीच्या भिंती पिढ्यान् पिढ्या ढासळतात, त्यावर पुन्हा घरं उठतात, चुलीची राख, शेण, हाडं, खापरं सगळं त्यातच मुरतं आणि फिकट रंगाचं टेकाड तयार होतं. लोक घराच्या धाब्यावर, म्हणजे मातीच्या सपाट छपरावर, टाकायला तिथलीच माती खणून नेतात. पुरातत्त्ववाल्यांनाही ओसाड गावठाणाची पहिली खूण हीच. तुम्हा कोकणातल्यांकडे हा शब्द आहे का?

अलिबागहून

आमच्या कानावर तो या अर्थाने नाही. आमचं चौलही असंच जुनं बंदर, पण तिथे टेकाड शोधत गेलात तर हाती काही लागणार नाही, तिथे वाड्या आहेत. मी लहान असताना मामांच्या वाडीत माडाला आळं करताना कुदळीला खापर लागायचं. एक अजून डोळ्यांपुढे आहे : बोटभर जाडीचं, बाहेरून गुळगुळीत तांबडं, तुटलेल्या कडेला आत काळी रेघ. मामा ते बांधावर ठेवत आणि शिंपणं पुढे चालू. हेच गाव कान्हेरी लेण्यांतल्या शिलालेखात चेमूल आहे, ग्रीक भूगोलकार टॉलेमीकडे सिमुल्ला, अरबांकडे सैमूर. अरब प्रवासी अल-मसूदी दहाव्या शतकाच्या सुरुवातीला इथे येऊन गेला. नाव झिजत झिजत चौल झालं, पण पुसलं गेलं नाही.

पुण्याहून, पुन्हा

नावं निघालीच आहेत तर बंदराचा एक विसरलेला शब्द सांगतो. अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशात नगराच्या पर्यायांत 'पत्तन'च्या शेजारी 'पुटभेदन' आहे. पुट म्हणजे गाठोडं, बांधलेला माल. तो जिथे फोडतात ती जागा. पाली ग्रंथात बुद्ध पाटलिपुत्राबद्दल भाकीत करतात तेव्हा हाच शब्द येतो. तटबंदी नाही, राजवाडा नाही, गाठोडी सुटण्याची जागा म्हणजे शहर! मला तर 'बेचिराग' आणि 'पुटभेदन' ही एका गोष्टीची दोन टोकं वाटतात. एका टोकाला माल उघडला जातो, दुसऱ्या टोकाला दिवा विझतो.

वसईहून

मग एक आमच्याकडचंही घ्या. सोपाऱ्याच्या स्तूपाला लोक 'बुरुड राजाचा कोट' म्हणत. पुरातत्त्वज्ञ भगवानलाल इंद्रजींनी १८८२ मध्ये तो उकरला, तर आत दगडी करंडक, म्हणजे झाकणाची पेटी, आणि त्यात एकात एक ठेवलेले छोटे करंडक, शेवटचा सोन्याचा. त्यात बुद्धाच्या भिक्षापात्राचे म्हणून जपलेले मातीचे तुकडे. शूर्प म्हणजे सूप, सूप विणणारा बुरुड, आणि संस्कृतात करंड म्हणजेही मुळात वेताबांबूची झाकणाची टोपली. शूर्पारक या नावातूनच बुरुड राजा जन्मला असावा, असा माझा अंदाज आहे. सिद्ध झालेली गोष्ट म्हणून सांगत नाही.

ठाण्याहून

सगळ्यांचे मनापासून आभार. वडिलांना सगळं वाचून दाखवलं. 'खाडी भरली' त्यांना लगेच पटलं, कारण आमच्या गावची खाडी त्यांच्या डोळ्यांदेखत भरली. नंतर बराच वेळ गप्प होते. मग विचारलं, "करंडक म्हणजे आईचा कुंकवाचा करंडा, तोच शब्द ना?"

वसईहून

तोच, काका.