झिंबाब्वेवाल्यांनी म्हणे डॉलर घेऊन ठेवायचे होते

ताकभात: काल इथे एक महाशय लिहून गेले, झिंबाब्वेच्या लोकांनी वेळेत अमेरिकन डॉलर घेतले असते तर रडायची वेळ आली नसती. अहो घ्यायचे कशाने? २००८ ला मी तिथल्या राजधानीत, हरारेत, एका गोदामाचे हिशेब बघायचो. आमचा वॉचमन पहाटे चारला बँकेपुढे लायनीत, दिवसाला जेवढे काढू देत तेवढ्यात पाव येत नव्हता, आणि बऱ्याचदा नंबर लागेपर्यंत कॅशच खलास. जुलैत महागाईचा सरकारी आकडाच २३ कोटी टक्क्यांच्या वर. शेवटी मालकाने पगारात मक्याचं पीठ, तेल आणि कपड्याच्या साबणाच्या लांब वड्या द्यायला सुरुवात केली. हा बाबा दोऱ्याने वडीचे तुकडे पाडून गेटवर विकायचा, कॉम्बीच्या (तिथली शेअर मिनीबस) भाड्यापुरते. याने डॉलर साठवायचे?

हिशेबी: रडगाणं छान, मुद्दा कुठाय? शेती बुडवली, त्यांच्या रिझर्व्ह बँकेच्या गव्हर्नर गोनोसाहेबांनी नोटा छापल्या, हे काय एका रात्रीत झालं? २००६ लाच चलनातली तीन शून्यं उडवलेली, ज्याला कळायचं त्याला तेव्हाच कळलं. माझ्या आजीने जन्मात बँकेत दमडी ठेवली नाही, सगळं सोन्यात.

ताकभात: आजी थोर. माझ्या शेजारच्या रिटायर्ड मास्तरीणबाईंची पेन्शन बँकेतच यायची, ती काय सोनाराकडे वळवायची? २०१५ ला जुनी खाती मिटवली, १७५ क्वाड्रिलियन (१७५ वर पंधरा शून्यं) झिंबाब्वे डॉलरपर्यंत शिल्लक असेल तर सरसकट ५ अमेरिकन डॉलर. फोनवर हसत होत्या बाई.

खडीसाखर: २००९ ला तिथे अमेरिकन डॉलर चालू झाले पण नाणी नव्हती, मग सुट्ट्यांऐवजी गोळ्या द्यायचे. आमचा वाणी तर काही कोसळलेलं नसताना चॉकलेट देतो!!

वाणी_नंबर_वन: आलात दुकानदारावर घसरून. चिल्लर मागायला बँकेत गेलं की कसं तोंड करतात ते बघा एकदा येऊन.

खडीसाखर: मग तीच चॉकलेटं मी परत आणली तर साखर द्याल? गेल्या महिन्यात अकरा घेऊन गेले तर म्हणे काकू मस्करी करू नका.

वाणी_नंबर_वन: यूपीआय करा की मग!

खडीसाखर: दोन रुपयांसाठी? आणि तुमचं नेट गेलेलं असतं तेव्हा? उगाच आवाज चढवू नका माझ्यावर.

हिशेबी: विषय काय, चाललंय काय! बरं बाबा ताकभात, वॉचमनला डॉलर जमले नसते, मान्य. खूश? पण साबण विकणारा हुशारच ना, म्हणजे माझंच खरं.

ताकभात: हुशार होताच. गेटवरची विक्री बंद कर म्हणून सांगायला मालकाने मलाच पाठवलं होतं. दोन तुकडे विकत घेऊन परत आलो.

खडीसाखर: सुट्टे दिले का त्याने?