‘द लास्ट निन्जा’: दलदलीवरील उड्या चुकतात, दोष इम्युलेटरचा की खेळाचा?

प्रश्न

सर्वांना नमस्कार. सिस्टिम ३ या ब्रिटिश कंपनीने १९८७ साली कमोडोर ६४ या घरगुती संगणकासाठी काढलेला ‘द लास्ट निन्जा’ हा खेळ मी सध्या लॅपटॉपवर व्हाइस या इम्युलेटरमध्ये, म्हणजे जुन्या संगणकाची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅममध्ये, खेळत आहे. पहिल्या पातळीतील, म्हणजे ‘वेस्टलँड्स’मधील पहारेकऱ्यांशी होणारी मारामारी आता बऱ्यापैकी जमू लागली आहे. परंतु दलदलीत एका उंचवट्यावरून दुसऱ्यावर उडी मारण्याची वेळ आली, की नायक अर्माकुनी हमखास पाण्यात पडतो आणि एक जीव जातो. उडी योग्य जागेवरून घेतली आहे असे डोळ्यांना स्पष्ट दिसत असतानाही हे घडते. मी बाणांच्या कळा वापरतो. हा दोष इम्युलेटरचा आहे, कळांचा आहे, की मूळ खेळच असा आहे?

आणखी एक शंका आहे. त्या काळी स्पेक्ट्रम हा दुसरा घरगुती संगणक वापरणारे माझे काका म्हणतात, की पहिला भाग त्यांनी कधी पाहिलाच नाही, दुसरा मात्र खेळले. असे कसे?

उत्तर १

आपण नोंदवलेल्या तिन्ही गोष्टींचा थोडाफार वाटा आहे. त्यांपैकी कळांचा प्रश्न सर्वांत लवकर सुटेल, म्हणून आधी तो घेतो.

या खेळातील बहुतेक वाटा पडद्यावर तिरक्या जातात. जॉयस्टिकवर तिरके जायचे म्हणजे दांडी कोपऱ्याकडे ढकलायची, एवढेच. बाणांच्या कळांवर मात्र त्यासाठी दोन कळा एकाच क्षणी दाबाव्या लागतात आणि एकाच क्षणी सोडाव्या लागतात. एक बोट किंचित आधी उचलले गेले तरी क्षणभर सरळ दिशा नोंदवली जाते, अर्माकुनी वळतो, आणि नेमक्या त्याच वेळी आपण फायरचे बटण दाबलेले असते. कोलांटी उडी एकदा सुरू झाली की हवेत दिशा सुधारता येत नाही. व्हाइसमध्ये अंकांच्या कळांना जॉयस्टिकचे काम देण्याची सोय आहे. तेथे ७, ९, १ आणि ३ या कळा थेट तिरक्या दिशांसाठी असतात. लॅपटॉपला अंकांचा वेगळा संच नसेल, तर साधी यूएसबी जॉयस्टिक घेणे उत्तम.

व्हाइसच्या मांडणीत यंत्राचा प्रकारही ‘पाल’ (PAL, युरोपातील टीव्हीची पद्धत) ठेवलेला आहे ना, हे पाहून घ्यावे. हा खेळ युरोपातील सेकंदाला ५० चौकटींच्या यंत्रांसाठी लिहिलेला होता. अमेरिकी ६० चौकटींच्या मांडणीत त्याची लय बिघडू शकते.

उत्तर २

वरील सूचना योग्यच आहे, तथापि जॉयस्टिक घेतल्यावरही आपण काही वेळा पडणार, याची मनाची तयारी असू द्यावी, कारण अडचणीचे मूळ या खेळाच्या चित्रातच आहे.

तिरप्या त्रिमितीचा, म्हणजे आयसोमेट्रिक दृश्याचा खेळ ही १९८७ मध्ये नवलाई नव्हती. अल्टिमेट या कंपनीच्या ‘नाइट लोर’ने १९८४ मध्येच स्पेक्ट्रमवर ती पद्धत रूढ केली होती. परंतु तेथील प्रत्येक खोली एकाच रंगात आणि चौकोनी ठोकळ्यांची असे, त्यामुळे कोणता ठोकळा किती पुढे आहे हे मोजता येत असे. ‘द लास्ट निन्जा’मध्ये चित्रकार ह्यू रायली यांनी ठोकळे टाकून दिले आणि गवत, कडे, झाडे, चिखलवाट असे निसर्गदृश्यच रंगवले. दिसायला ते अप्रतिम आहे. पण मोजायला घरे उरली नाहीत. या कोनातून पाहताना पडद्यावर थोडा वर दिसणारा बिंदू हा उंचावरचा आहे की दूरचा, हे केवळ चित्रावरून ठरत नाही. आपण उंचवट्याच्या रंगवलेल्या कडेकडे पाहून उडी घेता, आणि खेळ मात्र पाय ज्या जागी टेकतील असे त्याच्या हिशेबात आहे ती जागा तपासतो. या दोहोंतील अंतर अगदी थोडे असते, आणि तेवढ्यावरच जीव जातो. माझ्या मते ही खेळाची खरी उणीव आहे. जुन्या खेळांच्या प्रेमापोटी तिला ‘आव्हान’ म्हणण्याची पद्धत मला पटत नाही. उडीपूर्वी उंचवट्याच्या टोकाशी न जाता पायांची जागा त्याच्या मध्यावर आणावी आणि मगच फायर दाबावे.

असे असूनही हा खेळ त्या यंत्रावर मुळात कसा मावला, हे समजून घेतले म्हणजे राग थोडा निवळतो. कमोडोर ६४ मध्ये एकूण ६४ किलोबाइट स्मृती. त्याच्या बहुरंगी चित्रपद्धतीत आडवे १६० आणि उभे २०० ठिपके बसतात. त्यांना ८,००० बाइट आणि रंगांच्या माहितीला आणखी सुमारे २,००० बाइट लागतात. म्हणजे प्रोग्रॅम, संगीत, पात्रे असे काहीही न ठेवता केवळ पूर्ण चित्रे साठवली, तरी सहा चित्रांत स्मृती संपली. येथे तर एकेका पातळीत डझनाहून अधिक दृश्ये आहेत. प्रोग्रॅमर जॉन ट्विडी यांनी यावर काढलेला मार्ग असा, की चित्रे साठवायचीच नाहीत; झाडाचा बुंधा, दगड, कुंपणाचा तुकडा असे सुटे भाग एकदाच ठेवायचे आणि कोणता भाग कोठे मांडायचा याची फक्त यादी प्रत्येक दृश्यासाठी लिहायची. नव्या दृश्यात पाऊल टाकताच चित्र भागाभागाने जुळत जाताना दिसते, ते याचमुळे. लक्ष देऊन पाहिल्यास एकच खडक निरनिराळ्या ठिकाणी ओळखू येतो.

अर्माकुनी झाडामागून जाताना अर्धा झाकला जातो, हेही सहजसाध्य नव्हते. कमोडोरचा एक स्प्राइट, म्हणजे पार्श्वभूमीवर स्वतंत्रपणे हलवता येणारे छोटे चित्र, २४ बाय २१ ठिपक्यांचा. बहुरंगी केला तर रुंदीत केवळ १२ ठिपके उरतात. असे स्प्राइट एकत्र करून माणूस उभा करायचा आणि समोर जे काही असेल त्याच्या आकाराने तो कातरायचा, हे काम सुमारे एक मेगाहर्ट्झच्या प्रोसेसरकडून करून घेतले आहे. प्रकल्प आधी हंगेरीतील एका संघाकडे होता, तेथे तो अडला, आणि नंतर सिस्टिम ३ ने तो इंग्लंडमध्ये ट्विडी यांच्याकडे सोपवला, ही पार्श्वभूमी पाहता अडचण किती मोठी होती याची कल्पना यावी.

उत्तर ३

काकांचे म्हणणे बरोबर आहे. पहिला भाग स्पेक्ट्रमवर प्रसिद्ध झालाच नाही. १९८८ चा दुसरा भाग, ज्यात अर्माकुनी जुन्या काळातून थेट न्यूयॉर्कच्या मॅनहॅटनमध्ये येऊन पडतो, तो मात्र स्पेक्ट्रम आणि अॅमस्ट्रॅड या घरगुती संगणकांवरही आला. स्पेक्ट्रमवर आठ बाय आठ ठिपक्यांच्या एका चौकटीत दोनच रंग बसत असल्याने ती आवृत्ती जवळपास एकरंगी आहे. भारतात डेसिबेल्स या कंपनीने परवान्याने तयार केलेला ‘डीबी स्पेक्ट्रम’ १९८६ पासून मिळत असे. काकांकडे बहुधा तोच असावा.

पहिला भाग बीबीसी मायक्रोवरही आला, हे फारसे कोणाला ठाऊक नसते. तोच संगणक १९८४ पासून ‘क्लास’ या शालेय संगणक-साक्षरता योजनेतून आपल्याकडील निवडक शाळांत आला होता. अर्थात शाळेत त्यावर निन्जा खेळू देणारे शिक्षक विरळाच असतील!

प्रश्नकर्ता

सर्वांचे आभार. पायांची जागा मध्यावर आणून उडी घेतल्यावर दलदल पार झाली. आता पातळीच्या शेवटी अजगर नव्हे, चक्क ड्रॅगन वाटेत बसला आहे आणि तलवारीचा त्याच्यावर काहीच परिणाम होत नाही. शिवाय माझ्या इम्युलेटरवरील संगीत यूट्यूबवरील ध्वनिमुद्रणापेक्षा वेगळे ऐकू येते. तेही मांडणीमुळेच का?

उत्तर २ चे लेखक

ड्रॅगनशी लढायचेच नाही. वाटेत मिळणारा धुराचा गोळा आपण उचलला असेल, तर तो लांबून त्याच्यावर फेकावा. तो झोपी जातो आणि आपण शेजारून निघून जावे. गोळा राहून गेला असल्यास मागे फिरण्यावाचून गत्यंतर नाही.

संगीताबाबत आपला अंदाज बरोबर आहे. बेन डॅग्लिश आणि अँथनी लीस यांनी प्रत्येक पातळीसाठी निराळी धून रचली, शिवाय कॅसेटवरून पुढची पातळी चढत असताना वाजणाऱ्या धुनाही वेगळ्या आहेत. हे सर्व कमोडोरच्या सिड या ध्वनी-चिपच्या केवळ तीन स्वरवाहिन्यांवर. या चिपचे ६५८१ आणि ८५८० असे दोन प्रकार आहेत आणि त्यांचे फिल्टर सारखे नाहीत. खेळ आला तेव्हा घरोघरी प्रामुख्याने ६५८१ असलेलीच यंत्रे होती, म्हणून व्हाइसच्या ध्वनीच्या मांडणीत तोच प्रकार निवडावा. आणि पुढच्या ‘वाइल्डरनेस’ पातळीची धून सुरू झाली की लगेच चालू लागू नये. ती एकदा पूर्ण ऐकावी.