अनुभव धागा: बॉस पडत काहून नाही? सुपरहीरो गेममधले खलनायक आणि त्यांच्याशी लढती

उन्हाळा लागला की नागपुरात दुपारी बारा ते पाच बाहेर पाय ठेवायचा विषयच संपतो. पडदे ओढलेले, कूलर सुरू, हातात कंट्रोलर. आणि दरवर्षी याच दिवसांत तेच प्रश्न फिरून येतात: फ्रीझ कसा पाडायचा, ढालवाल्याचं काय करायचं, काउंटर (समोरच्याचा वार अडवून उलटा मारणं) का लागत नाही. म्हणून एकदाचं सगळं एका जागी लिहू.

नियम एकच. रात्री तीन वाजता आपण कसे जिंकलो ते नको. कोणता खलनायक, काय दाबायचं, कधी दाबायचं आणि गडबड कुठे होते, एवढंच. बटणं प्लेस्टेशनची धरू. एक्सबॉक्सवाल्यांनी मनातल्या मनात बदलून घ्यावीत: स्क्वेअरचं एक्स, ट्रँगलचं वाय, सर्कलचं बी, क्रॉसचं ए. कथेतले धक्के फोडू नका, लढती खुशाल फोडा.

सुरुवात 'बॅटमॅन: आर्कम सिटी'तल्या (२०११) मिस्टर फ्रीझपासून. या जातीतला हा सगळ्यात हुशार बॉस (मोठ्या लढतीचा खलनायक), कारण एकदा खाल्लेला मार तो विसरत नाही. समोरून गेलात तर गोठवणाऱ्या बंदुकीपुढे निभाव लागत नाही, म्हणून लपून वार करायचा. पण एक युक्ती एकदाच चालते. पाठीमागून गाठलंत, की पुढच्या वेळी तो पाठ राखतो. जमिनीतल्या जाळीतून वर आलात, की जाळ्याच गोठवून टाकतो. अवघड पातळीवर युक्त्या जास्त लागतात, आणि तिथेच लोक अडकतात. सोप्या युक्त्या आधीच उडवलेल्या असतात आणि शेवटी हातात काही उरत नाही.

क्रम उलटा ठेवा. जुळवाजुळव लागणाऱ्या युक्त्या आधी: कमकुवत भिंतीवर एक्स्प्लोसिव्ह जेल लावून तो पलीकडे येईपर्यंत थांबणं, तो विद्युतचुंबकाजवळ असताना त्याला रिमोट इलेक्ट्रिकल चार्ज (दुरून विजेचा झटका देणारं यंत्र) मारणं, लाईन लाँचरवरून (आडवी दोरी सोडणारं यंत्र) लाथ. पाठीमागून झडप, जाळी आणि वरून ग्लाइड किक (तरंगत येऊन लाथ) या तीन शेवटासाठी राखा, कारण त्यांना तयारी लागत नाही. वार बसला की स्क्वेअर मारत राहा, आणि तो सावरायला लागला की लगेच पळा. आणखी दोन बुक्क्यांचा लोभ केला की गोठलात.

---

काउंटरवाली

फ्रीझचं बरोबर आहे, पण निम्मे लोक त्याच्यापर्यंत पोचायच्या आधी साध्या गुंडांच्या घोळक्यातच मरतात. कारण एकच: बटण ठोकणं. काहून ठोकून राहिले बाप्पा? आर्कमच्या मारामारीत एका फटक्याला एकदाच स्क्वेअर. फटका लागला, आता पुढचा दाबा. हवेत मारलेली बुक्की कॉम्बो (लागोपाठ बसलेल्या फटक्यांची मोजणी) तोडते. आणि कॉम्बो हीच तुमची कमाई, कारण ८ झाला की (अपग्रेड घेतलं तर ५ वरच) ट्रँगल आणि सर्कल एकत्र दाबून एक माणूस कायमचा बाद करता येतो. त्या वेळात तुम्हाला कोणी हात लावू शकत नाही. पडलेल्याला आर-टू आणि ट्रँगलने संपवता येतं, पण त्यात मध्येच मार बसतो. घोळका असताना ते करू नका.

आता माणूस पाहून हात बदलायचा:

चाकूवाला: ट्रँगल दाबून धरा आणि स्टिक त्याच्यापासून लांब ओढा. तो लागोपाठ वार करतो. पहिला चुकवल्यावर ट्रँगल सोडला की दुसरा पोटात.

ढालवाला: सर्कलने केप फडकवा, मग क्रॉस दोनदा. बॅटमॅन त्याच्यावर चढून वरून मारतो. समोरून बुक्की मारली की कॉम्बो गेला.

विजेचा दांडका: त्याच्या दिशेने क्रॉस दोनदा, डोक्यावरून पलीकडे, मग पाठीत. समोरून हात लावला की झटका तुम्हालाच.

चिलखतवाला सगळ्यात शेवटी. सर्कल, मग स्क्वेअर सारखा. ही बडवणी लांबते आणि तेवढ्यात बाकीचे येतात. मध्ये काउंटर केलं की पुन्हा सर्कलपासून सुरू. म्हणून आजूबाजूचे आडवे झाल्यावरच त्याला घ्या.

बंदुकीच्या पेटीकडे कोणी पळताना दिसला तर बाकी सगळं सोडून आधी तो. हातात बंदूक आलीच तर बॅटक्लॉने (दोरीचा आकडा) ओढून घ्या.

---

गोकुळपेठी

'आर्कम असायलम'चा (२००९) बेन आणि त्या टायटन पिलावळीला (टायटन रसायनाने फुगलेले गुंड) एकच औषध. तो मान खाली घालून धावायला लागला की क्विक बॅटरँग (वटवाघळाच्या आकाराचं फेकायचं पातं) तोंडावर, मग बाजूला उडी. तो भिंतीवर आदळतो, तेव्हा मारा आणि पाठीवर चढा. बॅटरँग लवकर मारली तर तो धावायलाच लागत नाही आणि तुम्ही त्याच्या हाताखाली सापडता. वाट बघणं हेच कौशल्य.

एक तक्रार मात्र नोंदवतो. हाच टायटनवाला त्या गेममध्ये इतक्यांदा येतो की बेन पाडल्याचा आनंद उरत नाही. तर्री-पोहे रोज तीन वेळा दिले तर कोण खाईल भाऊ?

---

दबक्या पावलांचा

काही खलनायकांशी लढायचंच नसतं, हे लोकांना सांगावं लागतं. असायलममधला किलर क्रॉक: लाकडी तराफ्यांवर हळू चालत पाच नमुने गोळा करायचे. पळालात की पाण्यातला कंप त्याला कळतो आणि तो वर येतो. आला तर बॅटरँग गळ्यातल्या पट्ट्यावर, पट्टा त्याला झटका देतो आणि तो परत पाण्यात. बस. त्याला मारायला जाऊ नका. पीएस-वनच्या 'स्पायडर-मॅन'मधला (२०००) शेवटचा मॉन्स्टर ऑकही तसाच. वळून मारायला गेलात की संपलात, तिथे फक्त पळायचं.

---

फ्रेम_मोजणारा

काउंटर "लागत नाही" म्हणणाऱ्यांसाठी थोडा हिशेब, कारण यात बोटांचा दोष अनेकदा नसतोच.

प्रत्येक वाराचे तीन भाग असतात: हात उगारणं, फटका आणि सावरणं. तुम्हाला वेळ मिळतो तो उगारण्यात. समजा खलनायक ६० एफपीएसवर (सेकंदाला ६० फ्रेम, म्हणजे चित्रं) ३० फ्रेम हात उगारतो. म्हणजे ५०० मिलिसेकंद. डोळ्याने पाहून बोट हलवायला माणसाला साधारण २५० लागतात. उरले २५०. टीव्ही चित्र सुधारत बसला असेल तर तो आणखी १०० खाऊ शकतो. उरले १५०, म्हणजे जेमतेम ९ फ्रेम. खलनायक अवघड नाही, तुमचा टीव्ही त्याचा साथीदार आहे.

उपाय: टीव्हीचा गेम मोड सुरू करा. तो एचडीएमआयच्या प्रत्येक पोर्टसाठी वेगळा असू शकतो, म्हणून केबल लावली आहे त्याच पोर्टचा पाहा. मोशन स्मूदिंग (हालचाल गुळगुळीत दाखवणारी सोय) बंद. गेममध्ये परफॉर्मन्स मोड असेल तर तो घ्या: ३० एफपीएसला एक फ्रेम ३३.३ मिलिसेकंदांची, ६० ला १६.७ ची. ब्लूटूथ हेडफोनवर आवाज उशिरा येतो, त्यामुळे आरोळी ऐकून बटण दाबणाऱ्यांनी वायरचाच वापरावा.

आणखी एक. घोळक्यात सगळे एकदम तुटून पडत नाहीत, कारण एका वेळी किती जणांनी हल्ला करायचा हे गेम ठरवतो. बाकीचे गोल फिरतात, शिव्या देतात, वाट बघतात. त्यांना घाबरून केलेली उडी वाया जाते. ज्याने खरंच हात उचलला आहे तोच शोधा.

---

नवतपा

वरच्या हिशेबात नागपूरचा मे धरला नाही. बाहेर ४५ डिग्री, खोलीत ३८, आणि लॅपटॉपवर गेम. प्रोसेसर ९५ ते १०० डिग्रीच्या आसपास गेला की स्वतःला थंड ठेवायला वेग कमी करतो. आणि हे घडतं नेमकं बॉसच्या दुसऱ्या टप्प्यात, जेव्हा पडद्यावर धूर, ठिणग्या, पडणाऱ्या भिंती सगळं एकदम असतं. ६०वरून ३५वर आलात की काउंटरचा अंदाज बिघडणारच.

लॅपटॉपची मागची कड दोन-तीन सेंटिमीटर उचला, खाली हवा जाऊ द्या. पंख्यातली धूळ उन्हाळ्याआधी काढा. फ्रेम ६०वर बांधा, मोकळ्या सोडू नका. पीसीवरच्या 'स्पायडर-मॅन'मध्ये आधी रे ट्रेसिंग (प्रकाश-प्रतिबिंबांचा जड हिशेब) बंद, मग गर्दी आणि वाहतूक कमी, मग सावल्या. तरी ६० टिकत नसतील तर ३०वर स्थिर ठेवा. वरखाली होणाऱ्या ५०पेक्षा स्थिर ३०वर हाताला अंदाज लवकर बसतो.

कूलर थेट लॅपटॉपवर किंवा कन्सोलवर सोडू नका. ती हवा ओली असते, आणि पॅडवरचे तुषार उडत असतील तर बोअरच्या पाण्याचा पांढरा क्षार आत जाऊन बसतो. कूलर माणसावर, पंखा मशीनवर.

वीज गेली की लढत पहिल्यापासून. घरी इन्व्हर्टर असेल तर तो यूपीएस मोडवर करा. साध्या मोडला बदल व्हायला जो क्षण लागतो तेवढ्यात कन्सोल बंद पडू शकतो. वेगळा यूपीएस घेणार असाल तर पीएस५ खेळताना साधारण २०० वॅट ओढतो, वर टीव्ही. ६०० व्हीएचा यूपीएस काही मिनिटं तग धरतो, तेवढ्यात सेव्ह करून बंद करा. लढत पुरी करायच्या भानगडीत पडू नका.

---

जाळंवाला

स्पायडर-मॅनवर कोणी बोलतच नाही! इन्सोम्नियाकच्या 'मार्व्हल्स स्पायडर-मॅन'मध्ये (२०१८) आर्कमची सवय घेऊन गेलात की मार खाता, कारण इथे काउंटर नाही, चुकवणं आहे. डोक्याभोवती रेषा दिसल्या की सर्कल. अगदी शेवटच्या क्षणी चुकवलं तर फोकस (शक्तीची पट्टी) भरतो. फोकसचे दोन उपयोग: डी-पॅड खाली दाबून जखम भरणं किंवा ट्रँगल-सर्कलने एकाला खलास करणं, म्हणजे फिनिशर. नवशिके सगळा फोकस फिनिशरवर उधळतात आणि शेवटच्या लाटेत रिकामे बसतात.

जमिनीवर राहू नका. स्क्वेअर दाबून धरा, माणूस वर उडतो, तिथेच मारा. खाली बंदूकवाले असतात, वर कोणी नाही. छपराच्या कडेजवळ लढत असाल तर लोकांना कडेकडे फेका. खाली पडणारा भिंतीला आपोआप चिकटतो, एका फटक्यात काम.

धिप्पाड माणूस बुक्क्यांना दाद देत नाही. आर-वनने पूर्ण जाळ्यात गुंडाळा, मग मारा. रॉकेट येताना दिसलं की एल-वन आणि आर-वन एकत्र, तेच रॉकेट त्याच्याच अंगावर.

बॉसमध्ये शॉकर पाहा. त्याचं कवच असताना बुक्की मारणं म्हणजे भिंतीला डोकं. त्याच्या लहरी चुकवा, फुटलेले दगड एल-वन आणि आर-वनने उचलून फेका, कवच गेलं की ट्रँगलने झेप. ऱ्हायनो आणि स्कॉर्पियन एकत्र येतात तेव्हा हवेत राहा आणि ऱ्हायनो खाली आला की क्रेनला लटकलेला कंटेनर त्याच्यावर ओढा. स्कॉर्पियनच्या मागे लागलात की ऱ्हायनो मागून तुडवतो.

२०२३च्या 'स्पायडर-मॅन २'मध्ये एल-वनवर पॅरी (बरोबर क्षणी वार परतवणं) आली. लाल वर्तुळ दिसलं तर पॅरी चालत नाही, चुकवा. पिवळं दिसलं तर पॅरीच. रंग न पाहता एकच बटण दाबणाऱ्यांची तिथे वाट लागते.

---

सदरवाला

'आर्कम नाइट'बद्दल (२०१५) माझं मत कडू आहे. तीन गेम हाताने लढायला शिकवलं आणि मोठ्या लढती गाडीतून. क्लाउडबर्स्ट रणगाड्याशी लपाछपी: मागून जा, मागचे कुलिंगचे भाग लॉक करा, फोडा, तो वळायच्या आत गल्लीत घुसा, पुन्हा. घाई केली की एका गोळ्यात गेलात. युक्ती म्हणून ठीक, पण याला खलनायकाशी लढत म्हणायचं?

---

काउंटरवाली

सदरवाले भाऊ, राग समजला. मग 'आर्कम ओरिजिन्स'चा (२०१३) डेथस्ट्रोक खेळा. त्यात गाडी नाही, घोळका नाही, समोरासमोर दोघंच. लवकर ट्रँगल दाबला की तो तुमचं काउंटर मोडून मारतो. वार येतोय हे सांगणारं डोक्यावरचं चिन्ह दिसलं की लगेच नाही, त्याचा हात खाली यायला लागला की दाबायचं. लागोपाठ वार असतील तर प्रत्येकाला वेगळा ट्रँगल, एकदम तीनदा नाही. ज्यांना हे जमलं त्यांनी पुढे सिटीचा न्यू गेम प्लस (गेम संपल्यावर पुन्हा पहिल्यापासूनची अवघड फेरी) घ्यावा. तिथे डोक्यावरची चिन्हंच नसतात, खांदे पाहून ओळखावं लागतं.

---

मनगटदुखी

छोटा प्रश्न. 'स्पायडर-मॅन'मध्ये (२०१८) सारखं स्क्वेअर मारायचे प्रसंग येतात, मनगट दुखतं. काही उपाय? आणि यातल्या ढालवाल्याचं कोणी सांगितलंच नाही.

---

जाळंवाला

ताई/दादा, सेटिंगमध्ये ॲक्सेसिबिलिटीत जा. बटण वारंवार मारण्याऐवजी दाबून धरण्याचा पर्याय आहे, क्यूटीई (पडद्यावर दिसेल ते बटण वेळेत दाबायचे प्रसंग) आपोआप पार पाडण्याचाही. 'स्पायडर-मॅन २'मध्ये तर खेळाचा वेग ७० टक्क्यांवर आणता येतो. बॉसचा हात कसा उगारतो हे शिकायला एकदा तसं खेळा, मग १०० वर या.

ढालवाला: त्याच्या दिशेने सर्कल. स्पायडर-मॅन पायांमधून घसरत मागे जातो, मग पाठीत स्क्वेअर. दोघे ढालवाले शेजारी उभे असतील तर मधोमध घुसू नका, कडेच्याच्या बाजूने जा. नाहीतर एकाच्या पायांतून निघून दुसऱ्याच्या ढालीवर आपटता.