मुदत उलटल्यावर पुनर्विलोकन मागता येते का?

प्रश्न: दिवाणी न्यायालयाच्या आदेशात जमिनीचे क्षेत्र चुकीचे नोंदले गेले आहे आणि पुनर्विलोकनाची (त्याच न्यायालयाकडे आदेशाचा फेरविचार मागण्याची) 30 दिवसांची मुदत संपली आहे. आता काय करता येईल?

उत्तर 1: मुदत कायदा, 1963 च्या कलम 5 खाली विलंबमाफीचा अर्ज जोडून, उशिराचे पुरेसे कारण कागदपत्रांनिशी दाखवावे लागेल. प्रमाणित नकलेसाठी लागलेला आवश्यक काळ कलम 12 नुसार वगळला जातो, तो आधी मोजा. विलंब वाटतो त्याहून कमी निघू शकतो.

उत्तर 2: चूक निव्वळ लेखनाची असेल, तर पुनर्विलोकनाची गरजच नाही, कारण दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 152 खाली अशी दुरुस्ती केव्हाही मागता येते. हा मार्ग मला अधिक योग्य वाटतो.

उत्तर 3: सहमत. शिवाय पुनर्विलोकन अर्ज फेटाळला गेल्यास त्या फेटाळणीच्या आदेशाविरुद्ध अपील करता येत नाही.